सासूबाई आणि डोंगरातली गाडी

आमच्याकडे फिरायला जायचं म्हणजे पाहुण्यांकडे जायचं. परभणीचा माणूस सुट्टी लागली की आधी नातेवाइकांची गावं आठवतो आणि मग त्या गावात बघण्यासारखं काही आहे का, याची चौकशी करतो. लग्न होऊन मी या घरात आले त्याला वीस-एक वर्षं झाली, आणि माझं सगळं पर्यटन याच रीतीनं झालेलं आहे. नणंद सेलूला दिली म्हणून सेलू. चुलत सासरे मानवतला म्हणून मानवत. मानवतला जाऊन काय पाहिलंस असं कोणी विचारलं, तर चुलत सासऱ्यांचा नवा सोफा पाहिला एवढंच सांगता येईल. ‘जगात जर्मनी, भारतात परभणी’ असं आमच्याकडे छाती पुढे काढून म्हणतात. म्हणणाऱ्यानं जर्मनी पाहिलेली नसते, आणि भारतातलंही परभणी सोडून फारसं काही पाहिलेलं नसतं.

मला मात्र लहानपणापासून चौकशीची खोड. मी सरकारी कचेरीत कारकून आहे. समोरचा माणूस कुठल्या गावचा, कोणत्या गाडीनं आला, वाटेत काय लागलं, हे विचारल्याशिवाय माझ्या हातून कागद पुढे सरकत नाही. लोकांना ती आपुलकी वाटते. नवरा भोचकपणा म्हणतो.

गेल्या दिवाळीत मुलगी कॉलेजच्या वसतिगृहातून सुट्टीला आली होती. जेवताना ती सहज म्हणाली, “आजीनं समुद्र पाहिलाय का गं?” मी पोळी तव्यावर टाकून तशीच थांबले. सासूबाई पलीकडे शेंगा फोडत बसल्या होत्या. त्यांनी तिथूनच उत्तर दिलं, “काय बघायचंय त्याच्यात? खारट तर असतोय.”

सगळे हसले. माझी पोळी करपली, कारण मी विचारात पडले होते. सासूबाई आजवर कुठं कुठं गेल्या असतील? विचारलं, तर नातेवाइकांची गावं सोडून देवाला परळी, कपिलधार आणि डोळ्याच्या ऑपरेशनला नांदेड. संपलं. सत्तरीच्या बाईचा एवढाच प्रवास. का, म्हणून मी खोदून खोदून विचारलं तेव्हा कारण कळलं, आणि कारण रोज माझ्या डोळ्यांसमोर होतं.

आमचं घराणं शिवभक्तांचं. सासूबाईंच्या गळ्यात इष्टलिंग असतं. सकाळी आंघोळ करायची, कपाळाला भस्म लावायचं, लिंग डाव्या तळहातावर घेऊन पूजा करायची, आणि मगच तोंडात काही घालायचं. भाकरीचा तुकडा तर सोडाच, पूजेआधी त्या पाण्याचा घोटही घेत नाहीत. घरात आम्ही बाकीचे इतके कडक नाही, आणि त्यांनी कधी कोणाला टोकलंही नाही. पण रेल्वेत आंघोळ कशी करणार? म्हणून जिथं वाटेत रात्र पडते असा प्रवास त्यांनी जन्मात केला नाही. पूजा झाल्यावर निघायचं आणि दुसऱ्या दिवशीच्या पूजेच्या आत परत यायचं किंवा एखाद्या घरी पोचायचं. एवढ्यात जे बसेल ते त्यांचं जग.

मला फार वाईट वाटलं. आणि वाईट वाटलं की मी चिडते. नवऱ्याला म्हटलं, “जानेवारीत सुट्ट्या जोडून आपण चौघं जायचं. आत्यांना घेऊन. कुठं ते तुम्ही ठरवा, पण त्या गावात सोफा बघायला मी येणार नाही.” आमच्याकडे सासूला आत्या म्हणतात, म्हणून मीही त्यांना आत्याच म्हणते.

नवरा कॉलेजात वाणिज्य शिकवतो. काम त्याच्या आवडीचं निघालं. दिवाळीच्या फराळाबरोबर तो फोनवर प्रवासाचे व्हिडिओ बघू लागला. केरळ झालं, काश्मीर झालं, एक दिवस तर त्याची गाडी अंदमानला जाऊन आली. मी म्हटलं, आठवड्याची रजा आहे, सेवानिवृत्ती नाही. शेवटी सगळ्यांना पटेल असा बेत निघाला. आधी हैदराबाद. तिथं सासूबाईंची धाकटी बहीण राहते, म्हणजे पाहुण्यांची अट पाळली गेली. तिथून विशाखापट्टणम, म्हणजे आणखी एक शहर आणि समुद्र. आणि तिथून अरकूचे डोंगर. शहर, समुद्र, डोंगर, सगळं एका दमात.

मग आंघोळीचा हिशेब सुरू झाला. रात्री घरून जेवून निघायचं, सकाळी हैदराबादला मावशींकडे आंघोळ आणि पूजा. ते सोपं होतं. विशाखापट्टणमला रात्रीच्या गाडीनं सकाळी पोचायचं, तर हॉटेलात खोली दुपारी मिळते. मी फोन लावला. तिकडचा माणूस मोडकी हिंदी बोलत होता आणि मी आमची परभणीची. म्हटलं, “भैया, हमारे सासूबाई नहाये बगैर पानी बी नै पीते. कमरा सबेरेच होना.” त्यानं मला सगळं पुन्हा एकदा सांगायला लावलं. मग म्हणाला, “मॅडम, पानी तो है. गरम पानी छे बजे के बाद.” खोली लवकर द्यायला तो कबूल झाला. फोन स्पीकरवर होता, आणि सासूबाई शेजारीच वाती वळत बसल्या होत्या.

त्याच आठवड्यात मुलीनं त्यांना अरकूच्या रेल्वेचा व्हिडिओ दाखवला. मला तो प्रसंग नीट आठवतो. सासूबाई पिंगळीच्या. त्यांच्या माहेरच्या अंगणातून स्टेशन दिसायचं. तिथली रेल्वे म्हणजे सपाट रानातून सरळ आलेली आणि सरळ गेलेली. व्हिडिओत गाडी डोंगराला वळसा घालत होती, आणि खिडकीतून बाहेर बघणाऱ्याला त्याच गाडीचं इंजिन पुढं वळताना दिसत होतं.

सासूबाईंनी चष्मा पुसला. “आपण आत बसलाव, अन् आपलीच गाडी आपल्याला म्होरं दिसायलीय? कशी?”

नवऱ्यानं जेवणाच्या टेबलावर टॉवेल वाकडा अंथरून, त्यावर काड्यापेट्या ओळीनं मांडून वळण समजावलं. त्या मन लावून बघत होत्या. मग म्हणाल्या, “अन् मागचा डबा बी दिसत असंल?” दिसतो, म्हटल्यावर त्यांनी व्हिडिओ पुन्हा लावायला सांगितला. असं कुतूहल मी त्यांच्या तोंडावर कधी पाहिलं नव्हतं. भाजीवाल्याशी बोलताना नाही, लग्नात नाही, देवळातही नाही.

पण घोडं अडलं ते त्या गाडीपाशीच. ती विशाखापट्टणमहून भल्या सकाळी, सातच्या आत सुटते. सासूबाई घरी सहाला उठतात, आणि त्यांची आंघोळ-पूजा तास-दीड तास चालते. हॉटेलचं गरम पाणी सहानंतर. नवऱ्यानं बेरीज-वजाबाकी करून पाहिली, काही केल्या जमेना. सेलूहून नणंदेचा फोन आला. ताई उंटावरून शेळ्या हाकण्यात पटाईत आहेत. म्हणाल्या, “आईला गारठ्यात पहाटं उठवायलाव का? काई गरज न्हाई. मस्त दहाला गाडी करा अन् रस्त्यानं जा. डोंगर काय पळून जायलेत?” आम्हाला पटलं. मोटारीनं जायचं ठरलं. नवऱ्यानं सासूबाईंना विचारलं, “आई, चालंल ना?”

“तुमी म्हनाल तसं,” असं म्हणून त्या तांदूळ निवडायला निघून गेल्या.

डिसेंबर लागला. परभणीची थंडी बाहेरच्यांना खरी वाटत नाही. उन्हाळ्यात भाजून काढणारं हे गाव हिवाळ्यात असं गारठतं, की नळाच्या पाण्यात हात घातला की बोटं आपली वाटत नाहीत. अशा थंडीत एका पहाटे मला न्हाणीघरातून पाण्याचा आवाज आला. उठून पाहिलं तर बाहेर मिट्ट अंधार, आणि सासूबाईंची आंघोळ चाललेली. मला वाटलं, एकादशी-बिकादशी असेल. दुसऱ्या दिवशीही तेच. तिसऱ्या दिवशी माझं लक्ष गेलं, की गिझरचा दिवा लागलेला नाही. त्या गार पाण्यानं आंघोळ करत होत्या.

झालं, माझी खोड जागी झाली. विचारलं तर म्हणाल्या, “जाग येतीय.” गार पाणी कशाला? “बरं वाटतंय.” एवढ्यावर तहसीलचा शिपाईसुद्धा समाधान मानणार नाही, मी कशी मानणार? नवऱ्याला सांगितलं. तो घाबरला. आम्ही त्यांना ओळखीच्या डॉक्टरांकडे नेलं. डॉक्टरांनी रक्तदाब तपासला, साखर तपासली, डोळ्यांत बॅटरी मारली. सगळं ठाकठीक. वय झालं की झोप कमी होते, म्हणाले. परत येताना रिक्षात सासूबाई म्हणाल्या, “फुकट पैसे घातलेत,” आणि बाहेर बघत राहिल्या. त्यांना आमची गंमत वाटत होती, हे मला तेव्हा कळायला हवं होतं.

ताईंना बातमी लागली. त्यांनी निदान करून टाकलं, “आईला यायचंच न्हाई. टेन्शन घेतलंय तिनं. तुमी तिला जबरदस्तीनं ओढायलाव. त्यापरीस तिला माझ्याकडं सेलूला सोडा अन् तुमी तिघं जाऊन या.” नवऱ्याला ते पटत चाललं होतं. रात्री त्यानं मला हळूच विचारलं, आईचं तिकीट रद्द केलं तर वाईट दिसेल का? मी असा आवाज चढवला, की पलीकडच्या घरातलं कुत्रं भुंकलं. ज्या माणसासाठी एवढा घाट घातला, त्यालाच सेलूला ठेवून आपण समुद्रावर पाय भिजवायचे? पण मनात मलाही धाकधूक होती. त्यांना खरंच यायचं नसेल आणि त्या भिडेपोटी बोलत नसतील, तर? आम्ही हौसेनं त्यांच्यावर ओझं तर टाकत नाही ना? मला खरंच काही उमजेना, आणि न उमजणं मला सहन होत नाही.

दुसऱ्या पहाटे मी पाण्याचा आवाज ऐकून उठले, पण दिवा लावला नाही. आंघोळ झाली. देवघरात समई लागली. पूजा झाली, ती नेहमीच्या मानानं आटोपशीर, पण काही गाळलेलं नव्हतं. मग त्यांनी धपाट्याचा तुकडा खाल्ला, पाणी प्यायल्या. आता परत झोपतील, असं मला वाटलं. त्या आत गेल्या आणि थोड्या वेळानं बाहेर आल्या. अंगात स्वेटर, डोक्यावरून शाल, पायात मोजे आणि चप्पल, हातात त्यांची कापडी पिशवी. पुढच्या खोलीत खिडकीपाशी खुर्ची ओढली, पिशवी मांडीवर घेतली, आणि भिंतीवरच्या घड्याळाकडे बघत बसल्या.

मी दिवा लावला. “आत्या, कुठं निघालाव?”

त्या दचकल्या. मग लहान मुलगी चोरून चिंच खाताना सापडावी तशा हसल्या. “कुटं न्हाई गं. बघायलेय.”

“काय बघायलाव?”

“येळंत हुतं का न्हाई ते.” त्यांनी घड्याळाकडे बोट केलं. “झालं बघ. आजून सा वाजले न्हाईत. ती डोंगरातली गाडी गावती का न्हाई मला?”

मी त्यांच्यासमोर स्टूल ओढून बसले. दोन आठवडे आम्ही डॉक्टर, साखर, रक्तदाब करत होतो आणि ही बाई रोज पहाटे अरकूची गाडी पकडत होती. कळसा काखेत आणि आम्ही गावाला वळसा. गार पाणी कशासाठी, तेही आता कळलं. हॉटेलवाला स्पीकरवर काय म्हणाला, ते त्यांनी वाती वळता वळता ऐकलं होतं.

“मग बोलला का न्हाईत? आमी मोटार ठरवली तवा का म्हनलाव, तुमी म्हनाल तसं?”

“जमंल का न्हाई, माझं मलाच ठावं नव्हतं,” त्या म्हणाल्या. “आधीच बोलले असते, अन् त्या दिवशी मला उशीर झाला असता, तर तुमची बी गाडी गेली असती माझ्यापायी. मनलं, आधी जमवून बघावं. जमलं तर सांगावं. न्हाई तर मोटार हायेच की.”

माझ्या डोळ्यांत पाणी आलं. त्यांच्या सोयीसाठी आम्ही घरभर खल केला होता, ताईंनी सेलूहून केला होता, आणि या बाईनं कोणाला न सांगता, गार पाण्याच्या बादल्या अंगावर घेत आपला प्रश्न आपणच सोडवला होता. “दुखायलं-खुपायलं तर न्हाई ना?” मी विचारलं. त्या म्हणाल्या, “पैल्या दिवशी दात वाजले. आता न्हाई वाजत.”

मी नवऱ्याला हलवून उठवलं आणि अंथरुणातच रेल्वेची तिकिटं काढायला लावली. काचेच्या छताचा डबा भरून गेला होता. साध्या डब्यात मिळाली. नवरा हळहळला. सासूबाईंनी विचारलं, काचेच्या डब्यात खिडकी उघडती का? नाही, म्हटल्यावर त्या म्हणाल्या, “मंग काय करायचाय तसला डबा?” ताईंना मीच फोन केला. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाल्या, “आईला मोजे माझ्याकडून. लोकरीचे धाडते.”

जानेवारीत गेलो. हैदराबादला मावशींनी दोन दिवस हलू दिलं नाही. चारमिनारपाशी त्या दोघी बहिणी बांगड्या घेत बसल्या आणि आम्ही तिघं त्यांच्या पिशव्या धरून उभे राहिलो. समुद्राचं पाणी सासूबाईंनी बोट बुडवून चाखलं आणि “बघ, मनलं न्हवतं?” असं नातीला ऐकवलं. त्या दिवशी त्या फार खुशीत नव्हत्या. त्यांचं चित्त दुसऱ्या दिवसावर होतं.

त्या पहाटे मी उठले तेव्हा त्या पूजा आटोपून, चप्पल घालून, कॉटवर तयार बसल्या होत्या. उशीर झाला तो आम्हाला. नवऱ्याला दाढी करायची होती, मुलीला केस. “आटपा की गं,” असं त्या प्रत्येकाला सांगत होत्या, आणि तो अधिकार त्यांना शोभत होता. गाडी मिळाली. खिडकी त्यांची.

बऱ्याच वेळानं सपाटी सरली आणि गाडी चढू लागली. एका वळणावर मुलगी ओरडली, “आजी, बघ बघ!” पुढं इंजिन वळत होतं, निळ्या डब्यांची रांग त्याच्यामागं वाकत होती. सासूबाईंनी गजांना गाल टेकवून पाहिलं. मग मागं वळून शेवटचा डबा शोधला. तोही दिसला. “हाय की खरंच,” एवढंच त्या म्हणाल्या.

तेवढ्यात बोगदा आला. डब्यात काळोख झाला आणि सगळी माणसं ओरडू लागली. तिकडे तशी रीतच आहे म्हणे. पोरं शिट्ट्या मारत होती, बाया किंचाळत होत्या. आणि त्या गलक्यात माझ्या अगदी कानाशी एक लांब, मोकळी, खणखणीत आरोळी उठली. रानातल्या माणसाला बांधावरून हाक मारावी तशी. उजेड आला तेव्हा सासूबाई पदर सावरून, समोर बघत, शहाण्यासारख्या बसल्या होत्या.

“आजी, तू ओरडलीस?” मुलीनं विचारलं.

“मी? न्हाई बा.”

नवरा हसून हसून वाकला. मला हसू येत होतं आणि रडूही. मी दिवसभर सगळ्यांवर आवाज चढवणारी बाई. नवऱ्यावर, मुलीवर, कचेरीत दलालांवर. सासूबाईंसमोर मात्र तो आपोआप खाली येई, आणि त्यांचा तर कधी वर गेलेलाच मी ऐकला नव्हता. इतकी वर्षं एका स्वयंपाकघरात आम्ही दोघी एकमेकींशी हळू आवाजातच बोलत आलो होतो.

पुढचा बोगदा दिसू लागला. सासूबाईंनी माझं मनगट धरलं. बोटं गार होती, पकड घट्ट होती.

“आता तू बी वरड,” त्या म्हणाल्या. “कुनाला कळत न्हाई.”

अंधार झाला, आणि आम्ही दोघी ओरडलो.